कथेतलं कालयंत्र कथानक खातंय? लक्षणं, तपासण्या आणि हात कुठे आवरायचा

फॅण्टसी कथेत काळाशी खेळणारं यंत्र आणलं की तिसऱ्या-चौथ्या प्रकरणापासून तेच ते बिघाड डोकं वर काढतात. यंत्र वाळूचं असो, आरशाचं असो की चाकांचं. बहुतेक वेळा खोट हिशेबात सापडते, कल्पनेत क्वचित. म्हणून नियम बदलण्याआधी आणि प्रकरणं पाडण्याआधी पेन्सिल हातात घ्या.

तपासण्या स्वस्तापासून महागापर्यंत लावल्या आहेत. क्रम मोडू नका. दोन प्रकरणं नव्याने लिहून झाल्यावर चूक फक्त एका तारखेची होती असं कळणं, हे या कामातलं सर्वांत नेहमीचं नुकसान आहे.

लक्षणं

- वाचणारा विचारतो, "मग तो आधीच मागे का नाही गेला?" सगळ्यांत जास्त आढळणारी तक्रार. (तपासणी ४ आणि ५)
- धाकटी बहीण एका प्रकरणात पंधराची, पुढच्यात एकवीसची. (तपासणी १)
- नऊ दिवसांच्या अंतराने दोनदा पौर्णिमा, किंवा परतल्यावर भलताच ऋतू. (तपासणी २)
- यंत्राच्या आतला आणि बाहेरचा माणूस दाराआडून निवांत गप्पा मारतात. (तपासणी ३)
- दर प्रकरणात कुणीतरी म्हातारा येऊन नवा नियम सांगून जातो. (तपासणी ४)
- यंत्र एकदा चाललं की पुढच्या कुठल्याच संकटाची भीती वाटत नाही. (तपासणी ५)
- यंत्र नेमकं शेवटच्या लढाईच्या आदल्या रात्री बंद पडतं. (तपासणी ६)
- खलनायकाकडे किल्ली आहे, पण तो यंत्र वापरत नाही. (तपासणी ७)
- एखादी अंगठी किंवा मंत्र मुळात आला कुठून, हे कुणालाच सांगता येत नाही. (तपासणी ८)

नमुन्याचं यंत्र

सगळ्या तपासण्यांना एकच यंत्र धरू, म्हणजे आकडे ताडून बघता येतील. तळघरात दगडी कुंड. कुंडात स्वच्छ पाणी. पाण्यावर तांब्याची अर्धगोल वाटी, तिच्या बुडाला बारीक छिद्र. छिद्रातून पाणी वर चढतं, वाटी भरते आणि बुडते. इथपर्यंत हे आपलं जुनं घटिकापात्रच आहे. सूर्यसिद्धान्तात त्याला कपालयंत्र म्हटलंय आणि अहोरात्रात ते ६० वेळा बुडावं असं माप दिलंय. म्हणजे दर बुडीला २४ मिनिटं, एक घटका. लग्नाच्या मुहूर्ताची घटका मोजायला हेच ठेवत.

कल्पित भाग एवढाच: दार लावून वाटी पाण्यावर सोडली की आत एक घटका जाते तेव्हा बाहेर एक महिना जातो. आणि वाटी बुडाल्याशिवाय दार उघडत नाही.

तपासणी १: कालपत्रक (एक कागद, एक संध्याकाळ)

कागदावर चार रकाने आखा: प्रकरण, बाहेरची तारीख, त्या माणसाचं स्वतःचं वय, आणि पुरावा. पुरावा म्हणजे मजकुरातला तो शब्द किंवा वाक्य, ज्यावरून वाचणाऱ्याला काळ कळतो. हस्तलिखित हातात घेऊन असे सगळे शब्द अधोरेखित करत जा: काल, परवा, अजून, इतक्यात, त्या पावसाळ्यात, दाढी, दुधाचे दात, उसाचा हंगाम, चंद्र. यंत्र वापरणाऱ्या प्रत्येक माणसाला स्वतंत्र कागद लागतो. एकाच कागदावर दोघांना कोंबलं की गोंधळ तिथेच सुरू होतो.

"काल" हा सर्वांत दगाबाज शब्द. तळघरात एक दिवस काढून आलेला माणूस "काल तर भेटलो होतो" म्हणतो, तेव्हा त्याच्या लेखी ते खरंच आहे. पण ६० घटका म्हणजे ६० महिने, समोरच्यासाठी ती पाच वर्षांपूर्वीची भेट. हा फरक मुद्दाम वापरला तर प्रसंग उभा राहतो, नकळत राहिला तर चूक. कालपत्रकात दोन्ही रकाने शेजारी असले की कुठलं काय ते लगेच कळतं.

आता नमुना हिशेब. नायक आत दोन दिवस आणि १५ घटका बसतो, कारण त्याला एका शत्रूचं राज्य संपेपर्यंत थांबायचंय. दोन दिवसांच्या १२० घटका, वर १५, एकूण १३५. बाहेर १३५ महिने, म्हणजे ११ वर्षं ३ महिने. जाताना बहीण आठ वर्षांची होती. परतल्यावर ती अंगणात लगोरी खेळताना दाखवली असेल, तर लेखकाने "सात-आठ वर्षं गेली असतील" असा मोघम अंदाज धरलाय. ती एकोणीस ओलांडून गेली आहे. तिचं लग्न झालं असेल, ती गावातच नसेल, तिला भाऊ आठवतही नसेल. इथे तारीख दुरुस्त केल्यावर बऱ्याचदा प्रसंगच जास्त चांगला होतो.

नायकाच्या अंगावर मात्र सव्वादोन दिवसच गेलेत. दोन दिवसांची दाढी, दोन दिवसांची भूक, दिव्यात तेवढंच तेल. "अकरा वर्षांचा थकवा त्याच्या चेहऱ्यावर होता" असं वाक्य मसुद्यात असेल तर काढा.

तपासणी २: महिना कुठला? (तोच कागद, पाऊण तास)

नियमात "महिना" लिहिलंत, पण चांद्र की सौर? फरक किरकोळ वाटतो, तो नाही. अमावास्या ते अमावास्या सरासरी २९.५३ दिवस. असे १३५ महिने म्हणजे ३,९८७ दिवस. सौर वर्षाचा बारावा हिस्सा धरला तर १३५ महिन्यांचे ४,१०९ दिवस. फरक १२२ दिवसांचा, चार महिन्यांचा.

नायक गुढीपाडव्याला आत गेला असं समजा. सौर महिन्यांनी तो आषाढाच्या सुमाराला बाहेर येईल: चिखल, पेरण्या झालेल्या, नदी भरलेली. चांद्र महिन्यांनी तो फाल्गुनाच्या सुरुवातीला बाहेर येईल: पळस फुललेला, होळीची लाकडं गोळा होतायत, नदी पायी ओलांडता येते. सरसकट ३० दिवसांचा महिना धरला तर तिसरंच, वैशाखाच्या आसपासचं ऊन. बाहेर पडल्यावर लगेच पाठलाग असेल आणि वाटेत नदी असेल, तर कथा पुढे कशी जाणार हे या एका निवडीवर ठरतं.

चांद्र महिना निवडलात तर एक फुकटची सोय मिळते. आत जाताना जी तिथी, बाहेर येताना तीच, कारण महिने पुरे असतात. प्रतिपदेला गेलेला माणूस प्रतिपदेलाच येतो, त्या रात्री चांदणं नसतं. पौर्णिमेच्या उजेडात त्याने घर ओळखलं असं लिहिलं असेल तर तेवढं बदला.

जग सर्वस्वी कल्पित असेल, तर तीन आकडे ठरवून टाका: चंद्राच्या फेरीचे दिवस, वर्षाचे दिवस, आणि उरलेल्या दिवसांचं काय करायचं. आपल्याकडे १२ चांद्र महिने वर्षापेक्षा सुमारे ११ दिवस कमी पडतात आणि साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना घालून ते भरून काढतात. हिजरी कालगणनेत भरत नाहीत, म्हणून तिथले सण सगळ्या ऋतूंतून फिरून साधारण ३३ वर्षांनी मूळ जागी येतात. दोन्ही पद्धती चालतात, न ठरवणं चालत नाही. दोन चंद्र ठेवायची हौस असेल तर जरूर ठेवा, पण मग दोघांच्याही कलांचा तक्ता करावा लागेल. तो कंटाळवाणा असतो आणि टळत नाही.

तपासणी ३: दाराचा हिशेब (गुणाकार येत असला की पुरे)

यंत्राच्या आतला आणि बाहेरचा माणूस एकमेकांना बघतात, ऐकतात किंवा शिवतात असे सगळे प्रसंग शोधा. बहुतेक हस्तलिखितांत सर्वांत मोठी भोकं इथेच असतात आणि लेखकाचं तिकडे लक्षच नसतं.

३० दिवसांचे ४३,२०० मिनिट, भागिले २४, म्हणजे १,८००. आतला एक सेकंद म्हणजे बाहेरचा अर्धा तास. हे प्रमाण एकदा भिंतीवर लिहून ठेवा, कारण पुढचं सगळं त्यातून निघतं.

बाहेर पहारेकरी आहे आणि दाराला फट आहे असं धरा. नायकाची पापणी लवायला ०.३ सेकंद लागत असेल तर पहारेकऱ्याला ती लवताना नऊ मिनिटं दिसेल. त्याला आत पुतळा बसलाय असंच वाटणार. नायक "थांब!" ओरडला, तर त्या अर्ध्या सेकंदाच्या शब्दाला बाहेर पंधरा मिनिटं लागतील. तोही ऐकू येणार नाही. २०० हर्ट्‌झचा आवाज १,८०० पटीने खाली उतरला की नऊ सेकंदांतून एक कंप उरतो आणि माणसाचा कान २० हर्ट्‌झच्या खाली ऐकत नाही. उलट दिशेने पहारेकऱ्याची हाक १,८०० पटीने वर जाते, तीही कानाच्या पल्ल्याबाहेर. दाराआडचा संवाद कुठल्याही बाजूने शक्य नाही. चिठ्ठी सरकवता येईल, पण ती आत शिरताना अर्धी इकडे आणि अर्धी तिकडे असेल तेव्हा काय होतं, हे तुम्हाला ठरवावं लागेल.

आता छताला झरोका ठेवला असेल तर. आत बसलेल्याला बाहेरचं अहोरात्र ४८ सेकंदांत उलटताना दिसेल: २४ सेकंद दिवस, २४ सेकंद रात्र. वर्णनाला छान, म्हणून लेखक झरोका ठेवतातच. पण कंपनसंख्या प्रकाशाचीही वाढते. ५०० नॅनोमीटरचा हिरवट उजेड १,८०० पटीने आखडला की पाव नॅनोमीटरच्या घरात येतो, आणि ते क्ष-किरण असतात. शिवाय दर सेकंदाला पडणारा उजेडही तितक्याच पटीने जास्त. झरोक्याखाली बसलेला नायक पहिली घटकाही काढणार नाही.

फॅण्टसी आहे, जादूने सांभाळता येतं, हे बरोबर. पण सांभाळलंय हे मजकुरात दिसायला हवं. सर्वांत स्वस्त दुरुस्ती: यंत्र चालू असताना भिंतीतून काहीच आरपार जात नाही. उजेड, आवाज, उष्णता, वारा, काही नाही. दार बंद झालं की काळोख, आत फक्त स्वतःचा दिवा. एका वाक्यात सगळी भोकं बुजतात आणि तळघर अधिक भयाण होतं, ते वेगळंच.

काळ "पूर्ण थांबवणारी" यंत्रं याच तपासणीत नापास होतात. बाहेरचा काळ खरोखर थांबला तर उजेड डोळ्यापर्यंत येणार नाही आणि हवा बाजूला सरणार नाही, म्हणजे पाऊलही टाकता येणार नाही. "थांबवणं" ऐवजी "खूप मंद करणं" लिहा आणि आकडा ठरवा.

तपासणी ४: एका वाक्यातला नियम

यंत्र काय करतं ते एका वाक्यात लिहा. वाक्यात दोनदा "पण" आलं तर तुमच्याकडे दोन यंत्रं आहेत.

आपल्या नमुन्याचं वाक्य सरळ आहे: आत बसलेला माणूस स्वतः न म्हातारा होता पुढच्या काळात पोचतो. फक्त पुढे नेणारं यंत्र सर्वांत कमी बिघडतं, कारण आधीच्या प्रकरणांत जे घडलंय त्याला ते हात लावूच शकत नाही. भागवताच्या नवव्या स्कंधातला राजा रैवत ककुद्मी मुलीसाठी, रेवतीसाठी, नवरा कोण योग्य ते विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकात जातो, गंधर्वांचं गाणं चाललंय म्हणून थांबतो, आणि गाणं संपल्यावर त्याला कळतं की खाली २७ चतुर्युगं उलटली, त्याने मनात धरलेला एकही वर आता उरलेला नाही. गुहेत झोपलेला मुचकुंदही पुढेच येतो. या कथा ऐकताना "मग तो आधीच मागे का नाही गेला" असं कुणी विचारत नाही, कारण मागचं दार ठेवलेलंच नाही.

बिघाड होतो तो दुसऱ्या भागात. वाटी उलटी ठेवली की मागे जाता येतं, अशी सोय लेखक हळूच आणतो. ही जुन्या यंत्राची नवी करामत नव्हे, हे दुसरंच यंत्र. ते आणायचंच असेल तर आधी दोनपैकी एक निवडा.

घडलेलं बदलत नाही, हा पहिला पर्याय. मग मागे गेलेल्या माणसाच्या खुणा पहिल्या भागातच असायला हव्यात: दुसऱ्या प्रकरणात कुंडाशेजारी कुणाचा तरी ओला पाय उमटलेला, आणि तेव्हा कुणी लक्ष न दिलेला. पहिला भाग छापून झाला असेल आणि अशी एकही खूण नसेल, तर हा पर्याय तुम्हाला बंद.

घडलेलं बदलतं, हा दुसरा. मग जुनी हकिकत कुणाच्या लक्षात राहते ते सांगा. "भिंतींच्या आत असलेल्यांच्याच" हे पुरतं.

दोन्हींची भेसळ म्हणजे आईचा मृत्यू "विधिलिखित" म्हणून टळत नाही, आणि युद्धाचा निकाल मात्र बदलतो. वाचणाऱ्याला ती पानाभरात कळते.

तपासणी ५: किंमत आणि मर्यादा

मागे जाणारं यंत्र ठेवलंत तर "आधीच का नाही" हा प्रश्न येणारच. त्याला आवरायचे चार नळ आहेत: पल्ला किती, खेपा किती, मोबदला काय, आणि हक्क कुणाचा. दोन आवळा. एकच आवळला तर गळती राहते, चारही आवळले तर सगळं पुस्तक नियमांच्या खुलाशात जातं.

पल्ल्यासाठी एक चांगली मर्यादा आयती मिळते: कुंडात पहिली वाटी सोडली त्या दिवसाच्या मागे कुणालाच जाता येत नाही. १९८८ साली किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी वर्महोलपासून, म्हणजे अवकाशातल्या दोन लांबच्या जागा जोडणाऱ्या कल्पित बोगद्यापासून, कालयंत्र कसं होऊ शकेल याचं गणित मांडलं, त्यालाही हीच सीमा आहे: यंत्र तयार होण्याआधीच्या काळात त्यातून जाता येत नाही. कथेत ही मर्यादा बसवणं सोपं, कारण एकाच तारखेत सगळं सांगून होतं आणि खलनायकालाही ती तितकीच लागू पडते.

मोबदला मोजता यायला हवा. "जीवनशक्ती खर्च होते" हे मोजता येत नाही, म्हणून लेखक ती हवी तेव्हा विसरतो. "मागच्या प्रत्येक महिन्यामागे एका माणसाची आठवण पुसली जाते, आणि कुणाची ते आधी कळत नाही" हे मोजता येतं. दुर्मीळ मणी हा मोबदला शक्यतो टाळा, तो प्रत्येक वेळी कुठल्या तरी व्यापाऱ्याकडे सापडतो.

तपासायचं असं: यंत्राच्या प्रत्येक वापरासमोर काय दिलं ते लिहा. जी ओळ रिकामी राहील तिथे गळती. दुसरी गोष्ट, मोबदला पहिल्या यशाच्या आधी दिसला पाहिजे, निदान एका फसलेल्या खेपेत तरी. यशानंतर सांगितलेली किंमत पळवाट वाटते, ती कितीही मोठी असो.

तपासणी ६: यंत्र बिघडतंय, पण कुठला भाग?

"ऐनवेळी यंत्र बंद पडलं" हे चालतं, फक्त भाग दाखवता आला पाहिजे. घटिकापात्राचे खरे दोष इथे थेट कामाला येतात:

- छिद्रात गाळ किंवा क्षार बसले की वाटी उशिरा बुडते. तासाभराचा उशीर म्हणजे बाहेर अडीच महिने जादा.
- छिद्र घासून मोठं झालं की वाटी लवकर बुडते आणि माणूस वेळेआधी बाहेर.
- पाणी थंड असलं की बारीक छिद्रातून सावकाश शिरतं. दर बुडीला दहावा हिस्सा उशीर धरला तर १३५ बुडींत साडेतेरा महिने वाढले. हिवाळ्यात सुरू केलेलं यंत्र उन्हाळ्यातल्यापेक्षा जास्त दूर नेतं, ही कथेला उपयोगी गोष्ट.
- कुंडात पाणी कमी असलं की वाटी बुडण्याऐवजी तळाला टेकते. दार उघडतच नाही.

सूर्यसिद्धान्तात पाणी निर्मळ असावं असं स्पष्ट म्हटलंय, ते उगाच नाही.

भास्कराचार्यांच्या लीलावतीची आख्यायिका या बाबतीत नमुनेदार आहे. मुहूर्ताची वाटी पाण्यावर आहे, मुलगी कुतूहलाने वाकून बघते, दागिन्यातला मोती सुटून वाटीत पडतो, छिद्र बुजतं, वाटी बुडत नाही आणि मुहूर्त टळून जातो. मोती तिच्या अंगावर आधीपासून आहे. वाकणं तिच्या वयाला साजेसं आहे. छिद्र किती बारीक ते ऐकणाऱ्याला माहीत आहे. शेवटी जो भाग बिघडणार त्याला पहिल्या तिसऱ्या हिश्श्यात कुणाचा तरी हात लागलेला असू द्या: कुणी काडीने छिद्र साफ करताना, कुणी पाणी गाळून ओतताना.

तपासणी ७: सावकार आणि खलनायक

यंत्र माहीत असलेल्या सगळ्यांची यादी करा, राजाच्या कारकुनापासून पाणी भरणाऱ्यापर्यंत. मग प्रत्येकाला सावकाराच्या डोळ्यांनी बघा. दरमहा शेकडा एक व्याजाने १०० मोहरा लावून कुणी १३५ घटका आत बसला, तर सरळ व्याजाने तो २३५ मोहरांचा धनी होऊन बाहेर येतो. खर्च सव्वादोन दिवसांच्या भाकऱ्यांचा. अशा यंत्रापुढे रांग लागत नसेल तर का लागत नाही, हे एका वाक्यात सांगावं लागेल. बहुधा उत्तर असं निघतं की ११ वर्षांनी ऋणको, मोहरा आणि राज्य यांपैकी काय शिल्लक असेल याची खात्री नाही. उत्तम! ती भीती मजकुरात आणा, जग आपोआप खरं वाटायला लागेल.

खलनायकासाठी त्याच्या तोंडून एक पान लिहा: "यंत्र माझ्या ताब्यात आहे, उद्या सकाळी मी काय करणार?" हे पान पुस्तकात जाणार नाही. त्याचं उत्तर नायकाला पहिल्याच प्रकरणात संपवत असेल, तर तपासणी ५ कडे परत जा. मर्यादा पुरेशी आवळलेली नाही.

तपासणी ८: वर्तुळं (महागडी)

म्हातारा नायक मागे जाऊन तरुण नायकाला अंगठी देतो, आणि तीच अंगठी घेऊन तो तरुण म्हातारपणी मागे जातो. अंगठी घडवली कुणी? तिचंही कालपत्रक करा, माणसासारखंच. दर फेरीत ती ४० वर्षं झिजते, आणि फेऱ्यांना आरंभ नाही. दुरुस्ती: मागे दिलेली अंगठी नवी घडवलेली असू द्या, जुनी मोडून टाका. एका परिच्छेदाचं काम.

मंत्र किंवा माहिती झिजत नाही, म्हणून तिचं वर्तुळ तर्कात बसतं. तरी वाचणाऱ्याला फसवल्यासारखं वाटतं, कारण तो मंत्र कुणीच कष्टाने शोधलेला नसतो. एका पुस्तकात असं एकच वर्तुळ खपतं, दुसरं नाही. मागे जाऊन स्वतःच्या आजोबांना मारणारा नायक असेल (मग तो जन्मला कसा?) तर तपासणी ४ मधली निवड पुन्हा वाचा. तिथे उत्तर ठरलेलं असलं की हा प्रश्न उरत नाही.

आता हात आवरा, जाणत्याला गाठा

नियमाचं ते एक वाक्य तीनदा बदलून झालं आणि चौथ्यांदा बदलावंसं वाटतंय, तर थांबा. स्वतःच्या कथेत इतकं आत गेलेल्या माणसाला भोक दिसत नाही. हस्तलिखित संपादकाला द्या, किंवा कथा आधी न ऐकलेल्या एखाद्या चिकित्सक वाचकाला. तोंडी काही समजावू नका. वाचून झाल्यावर यंत्राचा नियम त्यांना एका वाक्यात लिहायला सांगा. त्यांचं वाक्य तुमच्यापेक्षा वेगळं आलं तर मजकूर नियम सांगतच नाहीये.

कथा खऱ्या इतिहासात शिरत असेल, म्हणजे शके, तिथी आणि वार तिन्ही लिहायचे असतील, तर स्वतः आकडेमोड करू नका. शकाचं इसवी सन काढताना वर्षातल्या दिवसानुसार ७८ किंवा ७९ मिळवावे लागतात, अधिक महिना मध्ये येतो, आणि तिथी-वाराचा मेळ चुकला की जाणकार वाचक पुस्तक मिटतो. पंचांग जाणणाऱ्या किंवा मोडी कागदपत्रांत काम करणाऱ्या अभ्यासकाकडून तपासून घ्या.

यंत्र जादूने न चालता गुरुत्वाकर्षणाने चालतं असं लिहिलंत, तर भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या कुणाला तरी गाठायलाच हवं. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. खरा परिणाम एवढासा आहे. घटकेला महिना हे प्रमाण गुरुत्वाकर्षणातून हवं असेल तर किती वस्तुमान लागेल आणि त्याच्याजवळ माणूस जिवंत राहील का, हे जाणकाराने मांडायचं गणित आहे.

कथा क्रमशः छापून येत असेल आणि बिघाड छापलेल्या भागात असेल, तर पुढच्या हप्त्यात गुपचूप नियम बदलू नका. आधी संपादकाशी बोला. वाचकांकडे जुने अंक असतात आणि ते काढून बघतात.

आणि शेवटची, सर्वांत महाग चाचणी: यंत्र काढून कथेचा सारांश दहा ओळींत लिहा. दहाही ओळी जशाच्या तशा उभ्या राहिल्या, तर दुरुस्तीवर आणखी वेळ घालवू नका. यंत्र काढा, तळघर आणि कुंड राहू द्या, आणि कालपत्रक फाडू नका: यंत्र नसलेल्या कथेतही बहिणीचं वय आणि चंद्राच्या कला तपासाव्याच लागतात.